उत्तर स्पेनची खाद्ययात्रा : आधी वार पाहावा, मग नकाशा

स्पेन म्हटले की मराठी पर्यटकाच्या डोळ्यांपुढे बार्सिलोना, माद्रिद आणि फार तर दक्षिणेकडील आंदालुसिया उभा राहतो. २०११ मध्ये आलेल्या 'जिंदगी ना मिलेगी दोबारा' या हिंदी चित्रपटाने पाम्प्लोना गावची बैलांची दौड घराघरांत पोहोचवली. मात्र त्याच पाम्प्लोनापासून मोटारीने तासाभराच्या अंतरावर एका दिशेला सान सेबास्तियानची खाद्यसंस्कृती आणि दुसऱ्या दिशेला रिओहाचे द्राक्षमळे आहेत, याची दखल आपल्याकडे क्वचितच घेतली गेली. अलीकडे स्वतः आखणी करून युरोपला जाणाऱ्यांची पावले इकडे वळू लागली आहेत. आखणीची खरी कसोटीही येथेच लागते.

बास्क प्रांत, नवार्रा, रिओहा, कांताब्रिया, आस्तुरियास आणि गालिसिया हे सहा स्वायत्त प्रदेश नकाशावर एका माळेत ओवल्यासारखे दिसतात. साहजिकच आठ-दहा दिवसांत सगळे मणी मोजून यावेत असा मोह होतो. सान सेबास्तियानपासून सांतियागो दे कोम्पोस्तेलापर्यंत रस्त्याने सुमारे ७०० किलोमीटर अंतर आहे. ते कापणे अवघड नाही. पण येथील खाणे अंतराने नव्हे, तर वाराने, हंगामाने आणि घड्याळाने बांधलेले आहे. अमुक गावचा बाजार बुधवारीच, अमुक पेय जानेवारीनंतरच, आणि रात्रीच्या जेवणाची चूल नऊच्या सुमारासच पेटायची. मुंबई-पुण्याच्या घड्याळाने गेलेला प्रवासी संध्याकाळी साडेसातला बंद स्वयंपाकघरापुढे उभा राहतो आणि सोमवारी बंद उपाहारगृहापुढे. मोजकी रजा आणि आयुष्यात एकदोनदाच घडणारा युरोपचा खर्च ज्यांना जपून वापरायचा आहे, त्यांनी म्हणूनच आधी दिनदर्शिका उघडावी.

डोंगराच्या दोन बाजू

हा प्रदेश समजून घ्यायला महाराष्ट्रातील वाचकाला फारसे सायास पडू नयेत. समुद्राला समांतर जाणारी कांताब्रियाची डोंगररांग आणि तिच्यावर अडणारे पावसाळी ढग हे चित्र सह्याद्रीच्या ओळखीचे आहे. किनाऱ्यावरच्या सान सेबास्तियानला वर्षाकाठी सुमारे दीड हजार मिलिमीटर पाऊस पडतो, तर डोंगरापलीकडे एब्रो नदीच्या खोऱ्यातील लोग्रोन्योला जेमतेम ४०० मिलिमीटर. महाबळेश्वराहून फलटणला उतरावे तसा हा फरक. आपल्याकडे पाऊस चार महिन्यांत कोसळून मोकळा होतो. तेथे तो वर्षभर रिमझिमतो. या बारीक पावसाला बास्क भाषेत 'सिरिमिरी' असे गोड नाव आहे. ऑगस्टच्या सहलीतही सामानात छत्री हवी ती यासाठी.

पेल्यात काय येणार हेही हा डोंगरच ठरवतो. पावसाच्या बाजूला सफरचंद पिकते, म्हणून बास्क किनारा आणि आस्तुरियास येथे सफरचंदाची आंबवलेली सायडर. जी थोडी द्राक्षे तेथे होतात त्यांची आंबटसर, हलकी, किंचित फसफसणारी 'चाकोली' ही पांढरी वाइन. कोरड्या बाजूला रिओहा आणि नवार्रा, म्हणजे उन्हात पक्व झालेल्या द्राक्षांची तांबडी वाइन. पार पश्चिमेला गालिसियात पुन्हा पाऊस, आणि त्या दमट हवेला मानवलेली 'आल्बारिन्यो' ही पांढरी द्राक्षाची जात. सान सेबास्तियानमध्ये बसून केवळ रिओहाची तांबडी मागवणारा माणूस काही गुन्हा करीत नाही. परंतु समोरच्या ताटलीतला मासा ज्या पेयाबरोबर शतकानुशतके खाल्ला गेला, ते चाखायचे तो राहून जातो.

बास्क प्रांत : उभ्याने खाण्याचे शास्त्र

फक्त एका आठवड्याचीच सवड असेल, तर ती बास्क प्रांत आणि रिओहा यांनाच द्यावी. भारतातून थेट विमान नसले तरी युरोपात एकदा विमान बदलून बिल्बाओला उतरता येते. १९९७ मध्ये उघडलेल्या गुगेनहाइम संग्रहालयामुळे हे जुने पोलादी शहर जगाच्या नकाशावर आले. तेथील जुन्या वस्तीत आणि नदीकाठच्या रिबेरा मंडईत पहिला दिवस काढावा. तेलाच्या मंद आंदोलनात लसूण आणि खारवलेला कॉड मासा घोळवून, माशातल्याच चिकट रसाने दाट केलेले 'पिल-पिल' हे येथील कालवण. पीठ नाही, मलई नाही. सारे कसब हाताचे.

तेथून सान सेबास्तियान, अर्थात बास्क भाषेतील दोनोस्तिया, सुमारे १०० किलोमीटर. बस सव्वा तासात पोहोचते. अरुंद रुळांवरची स्थानिक गाडी अडीच तास घेते. तिला केवळ हिरव्या डोंगरांची हौस असेल तरच निवडावे.

या शहराची कीर्ती दोन टोकांवर उभी आहे. एक टोक म्हणजे आर्साक, आकेलारे, मार्तीन बेरासातेगी यांसारखी मिशेलिनचे तीन तारे मिरवणारी भोजनगृहे. हुआन मारी आर्साक, पेद्रो सुबिखाना आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७० च्या दशकात फ्रेंच बल्लवाचार्य पॉल बोक्यूझ यांच्यापासून स्फूर्ती घेऊन 'नवी बास्क पाकशैली' घडवली. आर्साक यांच्याकडे तीन तारे १९८९ पासून टिकून आहेत. अशा जेवणाला माणशी काही शंभर युरो लागतात आणि जागा महिनोन्महिने आधी राखावी लागते. ज्यांना परवडते आणि ज्यांची हौस आहे त्यांनी एक जेवण जरूर ठेवावे. पण साऱ्या सहलीचा आराखडा त्या एका आरक्षणाभोवती रचू नये. कारण दुसरे टोक, म्हणजे जुन्या गावातील पिंचोचे बार, तितकेच अस्सल आहे आणि तेथे आरक्षण लागत नाही.

पिंचो म्हणजे दोन-तीन घासांचा पदार्थ, बहुधा काडीला टोचलेला किंवा पावाच्या तुकड्यावर रचलेला. त्यातला सर्वांत प्रसिद्ध 'गिल्दा' हा ऑलिव्ह, लोणच्यातील हिरवी मिरची आणि अँचोव्ही मासा एका काडीत ओवून करतात. रिटा हेवर्थच्या १९४६ च्या 'गिल्डा' चित्रपटावरून त्याला हे नाव मिळाले. नवख्या माणसाच्या हातून येथे हमखास होणारी गोष्ट म्हणजे पहिल्याच बारमध्ये, गल्ल्यावर मांडलेली रास पाहून, ताट भरून घेणे. स्थानिक मंडळी तसे करीत नाहीत. एका बारमध्ये एक पेला आणि तेथला नावाजलेला एकच पदार्थ, तोही उभ्याने; मग पुढचा बार. मांडून ठेवलेल्यापेक्षा फळ्यावर खडूने लिहिलेले गरम पिंचो मागवावेत, ते त्याच वेळी करून मिळतात. एका पिंचोला साधारण तीन ते पाच युरो पडतात. मद्य न घेणाऱ्यांनी संकोच करू नये. 'मोस्तो' मागितले की द्राक्षाचा न आंबवलेला रस मिळतो, आणि तो घेणारे स्थानिक लोकही शेजारी उभे असतात.

जानेवारीच्या मध्यापासून एप्रिलअखेरपर्यंत जाणाऱ्यांसाठी मात्र सान सेबास्तियानजवळच्या आस्तिगार्रागा आणि एर्नानी या गावांतील सायडरघरे हा या प्रवासाचा कळस ठरावा. भल्यामोठ्या लाकडी पिंपांच्या ओळी, लांब बाके, आणि ठरलेले जेवण : कॉडचे ऑम्लेट, हिरव्या मिरच्यांसह तळलेला कॉड, निखाऱ्यावर भाजलेला गोमांसाचा जाड तुकडा, शेवटी इदियासाबाल चीज, क्विन्स फळाची वडी आणि अक्रोड. मध्येच कोणीतरी आरोळी ठोकतो : 'चोच!' मराठी कानाला गंमत वाटेल, पण बास्क भाषेत हा शब्द पिंपाच्या भोकात खोचलेल्या काडीचा आहे. आरोळी झाली की सर्वांनी पेले घेऊन पिंपाकडे जायचे, दुरून उडणारी बारीक धार पेल्यात झेलायची, दोन घोटांत संपवायची आणि पुन्हा जेवणाकडे परतायचे. हा हंगाम वर्षभराच्या नव्या सायडरची चव घेऊन पाहण्याचा असतो. काही घरे पुढेही उघडी राहतात, पण तो गलका नंतर राहत नाही.

आठवडी बाजारांचे गणित

आखणीत वाराला पहिला मान का, हे येथे उलगडते. ओर्दिसिया गावचा शेतकरी बाजार दर बुधवारी भरतो. त्याची सनद १५१२ ची, म्हणजे पाच शतकांहून जुनी. तोलोसाचा बाजार शनिवारी. ही दोन्ही गावे सान सेबास्तियानहून निघणाऱ्या एकाच उपनगरी रेल्वेमार्गावर आहेत. गेर्निकाचा बाजार सोमवारी भरतो. २६ एप्रिल १९३७ रोजी जर्मन आणि इटालियन विमानांनी या गावावर बॉम्ब टाकले, तोही सोमवारच होता, बाजाराचा दिवस. पिकासोचे चित्र माद्रिदला पाहून आलेल्यांनी एखाद्या सोमवारी या गावात भाजी घेणाऱ्या बायकांच्या गर्दीत उभे राहून पाहावे.

याउलट रविवारी संध्याकाळ आणि सोमवार हे येथील असंख्य उपाहारगृहांच्या सुटीचे दिवस, आणि वाइनरींच्या भेटीही रविवारी दुपारनंतर बहुधा मिळत नाहीत. तेव्हा आठवडा असा लावता येईल : मंगळवारी बिल्बाओला उतरावे, बुधवारी ओर्दिसियाचा बाजार पाहून सान सेबास्तियान गाठावे. गुरुवारी संध्याकाळी ग्रोस या वस्तीत स्वस्त दरात एक पेला आणि एक पिंचो देण्याची प्रथा आहे, ती अनुभवावी. शुक्रवारी बसने गेतारियाला जावे. हे कोळ्यांचे गाव निखाऱ्यावर भाजलेल्या टर्बट माशासाठी आणि भोवतालच्या उतारांवरच्या चाकोलीसाठी नावाजलेले आहे. शनिवारी तोलोसाच्या बाजारात काळे घेवडे पाहावेत, आणि रविवारी दुपारी लांबलचक जेवण उरकून रिओहाची वाट धरावी. दुकाने बंद असलेला सोमवार लाग्वार्दियाच्या तटबंदीवर हिंडण्यात खर्ची पडला तरी खंत नाही.

रिओहा : रेल्वेने घडवलेली वाइन

डोंगर ओलांडताच हवा बदलते, मातीचा रंग बदलतो. स्पेनमध्ये वाइनच्या प्रदेशांना मिळणारा सर्वोच्च दर्जा सर्वप्रथम, १९९१ मध्ये, रिओहाला मिळाला. तेंप्रानियो ही येथील मुख्य द्राक्षाची जात. तिचे नाव 'लवकर' या अर्थाच्या स्पॅनिश शब्दावरून आले, कारण ती इतर जातींच्या आधी पिकते. नाशिककडच्या बागायतदाराला येथे दोन गोष्टी नवलाच्या वाटतील. एक म्हणजे हंगाम. आपल्याकडे वाइनच्या द्राक्षांची तोडणी जानेवारी ते मार्चच्या सुमारास होते, तेथे सप्टेंबर-ऑक्टोबरात. दुसरी म्हणजे जुन्या मळ्यांतील वेली. ना मांडव, ना तारा. गुडघ्याएवढी वाकडीतिकडी झुडपे दगडगोट्यांत उभी असतात.

आरो या छोट्या गावात मुक्काम करण्याचे कारण इतिहासात आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात फिलॉक्सेरा या किडीने फ्रान्सचे द्राक्षमळे उद्ध्वस्त केले, तेव्हा बोर्दोचे व्यापारी वाइनच्या शोधात डोंगराच्या या बाजूला उतरले. बिल्बाओच्या बंदराकडे जाणारी रेल्वे आरोवरून जात होती, म्हणून पेढ्या स्थानकालाच खेटून उभ्या राहिल्या. लोपेस दे एरेदिया १८७७ ची, कूने १८७९ ची, ला रिओहा आल्ता १८९० ची. आजही स्थानकाच्या परिसरात चालत चालत एकामागून एक बोदेगा पाहता येतात. पुढे ती कीड रिओहातही आली, फ्रेंच परतले, पण ओकच्या पिंपात वाइन मुरवण्याची त्यांची रीत मागे राहिली.

ही पायी फिरण्याची सोय क्षुल्लक समजू नये. स्पेनमध्ये मद्य घेऊन वाहन चालवण्याविरुद्धचे नियम कडक आहेत आणि तपासणी नित्याची आहे. दिवसाला तीन वाइनरी आणि भाड्याची मोटार हे समीकरण मुळातच चुकीचे. एक तर एकाने न पिण्याचे ठरवावे, नाही तर टॅक्सी करावी, नाही तर आरोसारख्या ठिकाणी राहावे. दिवसाला दोन भेटी पुरेत. तिसऱ्या भेटीत जीभ थकलेली असते आणि मार्गदर्शकाचे बोलणे कानावरून जाते. प्रत्येक भेट आधी कळवून ठरवावी लागते, दारात जाऊन उभे राहिल्यास नकारच मिळण्याचा संभव अधिक. तोडणीच्या ऐन दिवसांत मळे सुंदर दिसतात खरे, परंतु कामाची धांदल असल्याने काही बोदेगा पाहुणे घेत नाहीत, हेही ध्यानात ठेवावे.

बाटलीवरील तीन शब्द समजले तरी रिओहात निम्मे काम होते. तांबड्या वाइनपैकी 'क्रिआन्सा' किमान दोन वर्षे मुरलेली, त्यातले एक वर्ष ओकच्या पिंपात. 'रेसेर्वा' किमान तीन वर्षांची. 'ग्रान रेसेर्वा' पाच वर्षांची, त्यातली किमान दोन वर्षे पिंपात आणि दोन बाटलीत. जास्त जुनी म्हणजे जास्त चांगली असे मात्र नव्हे. रोजच्या जेवणाबरोबर स्थानिक माणूस क्रिआन्साच घेतो आणि तिची किंमतही माफक असते.

वास्तुकलेची हौस असलेल्यांना एल्सिएगो येथे फ्रँक गेरी यांनी मार्केस दे रिस्काल या बोदेगासाठी उभारलेले, २००६ मध्ये उघडलेले, चमकत्या पत्र्यांच्या लाटांचे हॉटेल खुणावेल. छायाचित्रापुरते ते ठीक. त्यापेक्षा ब्रिओनेस गावातील विवान्को वाइन संग्रहालयात अर्धा दिवस घालवणे अधिक फलदायी. लोग्रोन्यो शहरातील लाउरेल गल्लीची तऱ्हा सान सेबास्तियानहून निराळी आहे : येथे बहुतेक बार एकाच पदार्थावर नाव कमावतात. कोठे फक्त लसणीत परतलेल्या अळंब्यांची चळत, कोठे फक्त मिरच्या. घरगुती जेवणात वेलींच्या छाटलेल्या काटक्यांवर भाजलेल्या कोकराच्या बरगड्या आणि चोरिसो घातलेला बटाट्याचा रस्सा. २९ जून रोजी आरोला जाणाऱ्याने जुनेच कपडे घालावेत. त्या दिवशी डोंगरावर माणसे एकमेकांना तांबड्या वाइनने न्हाऊ घालतात.

शाकाहारी प्रवाशाची वाट

उत्तर स्पेन शाकाहाऱ्यांसाठी सोपा प्रदेश नाही, हे आधीच सांगितलेले बरे. येथे 'मांस' म्हटले की गोमांस वा कोकराचे मांस मनात येते. डुकराच्या सुक्या मांसाचे, म्हणजे हामोनचे, चार तुकडे भाजीत पडले तर ती भाजीच समजली जाते. त्यामुळे केवळ 'सिन कार्ने' म्हणून भागत नाही. 'सिन हामोन, सिन पेस्कादो', म्हणजे हामोन नको, मासा नको, असेही स्पष्ट सांगावे लागते. इदियासाबालसारख्या पारंपरिक चीजमध्ये दूध विरजण्यासाठी वासरा-कोकराच्या जठरातील रेनेट वापरतात, हे कटाक्ष पाळणाऱ्यांनी लक्षात घ्यावे.

तरीही वाट आहे, आणि ती वसंतातील नवार्रातून जाते. एब्रोकाठच्या तुदेलाच्या मळ्यांतील आर्टिचोक, पांढरा शतावर, कोवळे सॅलड यांचा एप्रिल-मे हा बहर; लोदोसाच्या भाजून सोललेल्या पिकियो मिरच्यांचा हंगाम मात्र शरद ऋतूत. या भाज्यांचे मिश्र कालवण 'मेनेस्त्रा' मात्र हामोनशिवाय करून मागावे. किनाऱ्यावर त्याच सुमारास गेतारियाचे अश्रूच्या थेंबाएवढे कोवळे वाटाणे येतात. महाग, पण बिनमांसाच्या ताटाला राजेपण देणारे. अंडे चालत असेल तर बटाट्याचे जाड ऑम्लेट, म्हणजे तोर्तिया, कोठेही मिळते. २१ डिसेंबरच्या सान्तो तोमास जत्रेत सान सेबास्तियान आणि बिल्बाओला 'तालो' भाजतात. मक्याचे पीठ गरम पाण्यात मळून, हाताने थापून तव्यावर भाजलेला हा प्रकार म्हणजे चक्क मक्याची भाकरी. आत सॉसेज घालायची रीत आहे; चीज घालूनही मागता येतो. मका आणि मिरची ही दोन्ही पिके अमेरिकेतून स्पेनमार्गे इकडे आली आणि पोर्तुगीजांच्या जहाजांतून आपल्याकडे पसरली, तेव्हा हे साम्य अगदीच योगायोगाचे नाही.

जुलैच्या ६ ते १४ या तारखांना पाम्प्लोनात सान फेर्मीनचा उत्सव असतो. बैलांच्या दौडीसाठीच जायचे नसेल तर त्या दिवसांत नवार्रा टाळावा, कारण खोल्यांचे भाव गगनाला भिडतात.

पश्चिमेकडे : हातात आणखी पाच-सहा दिवस असतील तर

कांताब्रियात सान्तोन्या हे एक गाव पुरे. आपल्याकडील मांदेलीच्या कुळातला अँचोव्ही हा मासा येथे वसंतात पकडून मिठात महिनोन्महिने मुरवतात आणि मग बायका एकेक मासा हाताने साफ करून तेलात लावतात. ही कला एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सिसिलीहून आलेल्या मासे खारवणाऱ्यांनी आणली. मासा संपेल अशी वेळही एकदा आली. साठा ढासळल्याने बिस्केच्या उपसागरातील अँचोव्हीची मासेमारी २००५ मध्ये बंद करावी लागली आणि ती नियमितपणे सुरू व्हायला २०१० उजाडले. डबीच्या किमतीवर घासाघीस करण्यापूर्वी हे आठवावे.

आस्तुरियासच्या सायडरची रीत बास्कहून वेगळी. तेथे पिंपाची धार, तर येथे वाढप्याच्या हाताची. बाटली डोक्यावर, पेला कमरेखाली, आणि मधली धार पेल्याच्या काठावर फुटून फसफसते. घोटभरच ओततात, तो लगेच एका दमात प्यायचा आणि तळाशी उरलेल्या थेंबांनी पेल्याचा काठ विसळून टाकायचा. या सायडर संस्कृतीला २०२४ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान मिळाले. ओव्हिएदोच्या गास्कोना रस्त्यावर किंवा बियाबिसिओसाच्या सफरचंदबागांत तिची ओळख होते. 'फाबादा' हे मोठ्या पांढऱ्या घेवड्याचे चोरिसो आणि डुकराच्या मांसासह शिजवलेले दाट कालवण फक्त दुपारीच खावे; रात्री ते पचवणे येरागबाळ्याचे काम नव्हे. शेवटी येणारा 'आर्रोस कोन लेचे' म्हणजे लिंबाची साल आणि दालचिनी घातलेली तांदळाची खीर, वर साखर जाळून केलेला पापुद्रा. पिकोस दे एउरोपा डोंगरातील गुहांत पिकणारे निळ्या बुरशीचे काब्रालेस चीज मात्र धाडसी जिभेसाठी.

गालिसियात नाशिक-सांगलीच्या माणसाला अखेर मांडव भेटतो. रीआस बाइशास भागात आल्बारिन्योच्या वेली ग्रॅनाइटच्या खांबांवर उंच चढवतात, म्हणजे ओल्या जमिनीपासून घड वर राहतात आणि खालून वारा खेळतो. काम्बादोस हे या वाइनचे मुख्य गाव. ऑगस्टच्या सुरुवातीस तेथे तिचा उत्सव भरतो. आरोसाच्या खाडीत तराफ्यांना दोर टांगून, कोकण-गोव्यात ज्यांना शिनाणे म्हणतात त्या शिंपल्यांची शेती चालते. तांब्याच्या हंड्यात उकडलेला ऑक्टोपस कात्रीने कापून, जाडे मीठ, लाल तिखट आणि ऑलिव्ह तेल घालून लाकडी ताटलीत देतात. लाटांच्या माऱ्यातील खडकांवरून जीव धोक्यात घालून खरवडले जाणारे 'पेर्सेबेस' हे शिंपलेवर्गीय दिसणारे कवचधारी जीव इतके महाग का, ते कोस्ता दा मोर्तेचा, म्हणजे 'मृत्यूच्या किनाऱ्याचा', समुद्र पाहिल्यावर विचारावे लागत नाही. नोव्हेंबर २००२ मध्ये 'प्रेस्टीज' हे तेलवाहू जहाज याच किनाऱ्यासमोर बुडाले, मासेमारी महिनोन्महिने ठप्प झाली आणि देशभरातून आलेल्या स्वयंसेवकांनी हातांनी खडक पुसून काढले.

कागदपत्रे, गाड्या आणि बाटल्या

शेंगेन व्हिसासाठी प्रवासाच्या सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो. निदान पंधरा दिवस आधी तो दाखल झालेला असावा, आणि उन्हाळ्यात त्याहून बराच आधी. सर्वाधिक मुक्काम स्पेनमध्ये असेल तर अर्ज स्पेनकडेच करावा. बिल्बाओ ते सान्तान्देर मीटरगेज रेल्वेने सुमारे तीन तास आणि बसने त्याच्या निम्मा वेळ लागतो, म्हणून हातात वेळ थोडा असेल तर बसच बरी. २०२३ च्या अखेरीस पाखारेस घाटातील बोगदे सुरू झाल्याने माद्रिद-आस्तुरियास रेल्वेप्रवास बराच लहान झाला आहे. ज्यांना परतीचे विमान माद्रिदहून आहे त्यांनी ओव्हिएदोला यात्रा संपवणे सोयीचे.

खर्चाचा ताळमेळ दुपारच्या जेवणात साधावा. कामाच्या दिवशी दीड ते साडेतीनच्या दरम्यान मिळणारे 'मेनू देल दिआ', म्हणजे तीन पदार्थ, पाव आणि पेय मिळून साधारण १५ ते २० युरो, हे मुख्य जेवण समजावे आणि रात्र पिंचोवर काढावी. मुले वा वृद्ध बरोबर असतील तर नऊपर्यंत थांबण्यापेक्षा हाच क्रम सुखाचा.

परतताना अँचोव्हीची डबी घेण्याचा मोह आवरावा. ती सतत शीतकपाटात ठेवावी लागते आणि मुंबईपर्यंतच्या प्रवासात ते साधत नाही. लाल तिखटाचा डबा आणि पिकियो मिरच्यांची बाटली निर्धास्त आणावी. मद्याची करमुक्त मर्यादा प्रौढ व्यक्तीस दोन लिटर आहे. म्हणजे ७५० मिलिलिटरच्या दोन बाटल्या, आणि वर ३७५ मिलिलिटरची एक छोटी बाटली. पतीपत्नी दोघे असतील तर एकाने आरोची आणि दुसऱ्याने काम्बादोसची आणावी.